भास्करकाका नावाचा लीविंग ग्रुप

आधीच शपथ घेऊन सांगतो, यातला शब्दन् शब्द खरा आहे. म्हणजे शब्द खरे आहेत. वाक्यं बऱ्यापैकी मी बनवली आहेत. केमिस्ट आहे मी. कच्चा माल आणि तयार माल यांत फरक असायचाच!

टेक्सासमधल्या आमच्या शुगर लँडमध्ये किस्से साठतात ते ड्राइव्हमुळे. कुठंही जायचं तर निम्मा जन्म हायवेवर. बाहेर भट्टी, आत एसी आणि शेजारच्या सीटवर बोलायला आसुसलेला माणूस. फ्लास्कच्या तळाशी गाळ बसत जातो तसे माझ्या गाडीच्या तळाशी किस्से बसलेत. त्यातले निम्मे भास्करकाकांचे, आणि काकांचे जवळजवळ सगळे एकाच शब्दाचे: लीविंग ग्रुप.

भास्करकाका मूळचे सांगलीचे. फार पूर्वी इकडे आले, पेट्रोकेमिकलच्या लॅबमध्ये हयात काढली आणि रिटायर झाले. माझे पहिले बॉस. दर शनिवारी संध्याकाळी त्यांच्या घरी आमचा अड्डा: मी, नागपूरचा आयटीवाला प्रशांत, आणि चहा कमी पण टोमणे भरपूर ओतणाऱ्या नलूकाकू.

०

हा शब्द लॅबबाहेर पसरला तो माझ्यामुळे. एका शनिवारी लॅबमधल्या ज्युनिअरचा फोन आला, त्याची रिॲक्शन पुढं सरकेना. मी काकांच्या सोफ्यावरूनच म्हणालो, "तुझा लीविंग ग्रुप बेकार आहे. बदलून टाक."

समोर प्रशांतचा चेहरा पांढरा! तो आमच्या इथल्या मराठी मंडळींच्या व्हॉट्सॲप ग्रुपचा ॲडमिन. मी फोन ठेवायच्या आत त्यानं ग्रुपवर टाकलं, "कृपया कुणीही लीव्ह करू नये. बोलून सोडवू."

तोवर लीव्ह करायचं कुणाच्या ध्यानीमनीही नव्हतं. पण ॲडमिन एवढा काकुळतीला आलाय म्हणजे काहीतरी झालंय खास! काय झालं ते ज्यांना कळेना, ते 'आम्हाला कुणी सांगितलं नाही' म्हणून निघाले. आपल्यामुळेच झालं असं ज्यांना वाटलं, ते अपमान झाला म्हणून निघाले. बाकीचे, सगळे निघालेत तर काहीतरी कारण असेल, म्हणून निघाले. जेवायच्या वेळेपर्यंत ग्रुपमध्ये दोनच जण उरले: प्रशांत, आणि ढोकळ्याच्या ऑर्डरी घेणाऱ्या एक बाई.

"काहून यार, केमिस्ट्रीचं होतं तर आधी सांगायचं नं!" प्रशांत म्हणाला.

मग काकांनी त्याला समजावलं. रेणूला नवा घटक येऊन चिकटायचा असेल तर जुन्यातल्या कुणाला तरी जागा सोडावी लागते. जो सोडतो तो लीविंग ग्रुप. चांगला लीविंग ग्रुप म्हणजे जेवण झालं की आपला डबा उचलून निघणारा पाहुणा. निघतो, आणि बाहेर एकटा सुखानं राहतो. आयोडाइड तसा. वाईट लीविंग ग्रुप म्हणजे चिकटून बसणारा. त्याला बाहेर करमतच नाही.

"म्हणजे हे," स्वयंपाकघरातून काकूंचा आवाज आला.

त्या टोमण्यामागं दुखणं होतं. काकांची एकुलती एक मुलगी केतकी ओहायोतल्या डब्लिनला डॉक्टर आहे. तिला मुलगा झाल्यापासून काकूंनी मनाशी पक्कं केलेलं: इथलं घर विकायचं आणि तिच्याजवळ जाऊन राहायचं. नातू आजीला आयपॅडवर बघून मोठा होत होता. एकदा आजी प्रत्यक्ष समोर आली, तर पठ्ठ्यानं तिच्या गालावर बोट ठेवून तिला बाजूला सरकवायचा प्रयत्न केला! काकूंनी हा किस्सा आम्हाला हसत हसत सांगितला आणि दुसऱ्या दिवशी घरं विकून देणाऱ्या रिअल्टरला फोन लावला.

काकाही "हो, जायचंय ना," म्हणायचे. नुसते म्हणायचे.

०

काकांचं निघणं हा स्वतंत्र विषय आहे. आमच्याकडे जेवायला आले की "चला, निघू या" हे वाक्य ते आमटी वाढताना पहिल्यांदा म्हणतात. मग बडीशेपेनंतर. मग उभे राहून. मग बूट घालून. आणि मग दार उघडं ठेवून उंबऱ्यात जी बैठक सुरू होते, तिला अंत नाही! एसी बाहेर जातो आणि टेक्सासचे डास आत येतात.

एकदा माझ्या बायकोनं वैतागून दारातच खुर्ची आणून ठेवली. तिला वाटलं, लाजतील. काका बसले. वर म्हणाले, "बरं झालं, गुडघा धरला होता." शेजाऱ्यांचा पिझ्झा घेऊन आलेल्या पोरानं दारात बसलेल्या काकांना बघून पिझ्झा त्यांच्याच हातात दिला आणि सही घेऊन गेला. आम्ही सगळ्यांनी तो दारातच खाल्ला.

खाता खाता काकांनी थिअरी मांडली. निघणं असं एकदम होत नसतं. मध्ये एक अवस्था असते, जुना बाँड अर्धा तुटलेला आणि नवा अर्धा जुळलेला. ती फार नाजूक असते, तिला घाई करायची नाही.

"तुमची ती अवस्था," काकू म्हणाल्या, "लग्नाच्या मांडवापासून चालू आहे."

०

केतकी हायस्कूलमध्ये होती तेव्हाची गोष्ट. केमिस्ट्रीच्या टेस्टमध्ये प्रश्न आला, वाईट लीविंग ग्रुपचं एक उदाहरण द्या. तिनं लिहिलं, "माय डॅड."

टीचरनं हसून अर्धा मार्क दिला. अर्धा कापला म्हणून काका शाळेत गेले! उत्तर विनोदी असेल, पण चूक नाही, असं त्यांचं म्हणणं. टीचरला ते त्यांनी फळ्यावर समजावून दिलं. बेल झाली, पोरं गेली, बसेस गेल्या, झाडूवाला आला. काका दारात उभे राहून, "आता निघतोच, पण एक मुद्दा राहिला," म्हणत होते.

टीचरनं गुपचूप पेपर काढला, उरलेला अर्धा मार्क दिला आणि म्हणाली, "आय सी इट नाऊ."

०

आमच्या लॅबमध्ये डग नावाचा एक टेक्सन होता. काकांच्या हाताखाली तयार झालेला, त्यांचा भक्त. काका रोज संध्याकाळी घरी जाताना त्याला "येतो" म्हणायचे. डगनं अर्थ विचारला. काका म्हणाले, आमच्यात जाताना 'जातो' म्हणत नाहीत. 'जातो' हा शब्द फक्त कायमच्या जाण्यासाठी. माणूस निघाला तरी तोंडानं 'येतो'च म्हणतो.

डगला हे इतकं आवडलं की त्यानं नोकरी सोडली तेव्हा सगळ्या कंपनीला एकाच शब्दाचा ईमेल टाकला: येतो.

एचआरमधल्या बाई माझ्याकडे आल्या. ऑफिशियल रेकॉर्डसाठी भाषांतर पाहिजे म्हणाल्या. मी प्रामाणिकपणे सांगितलं, "आय ॲम कमिंग."

त्यांनी ते तसंच फाइलला लावलं. डग तीनचार वर्षं झाली कोलोराडोत मासे पकडतोय. त्याचा बॅज अजून आमच्या गेटवर चालतो!

०

इकडे काकांच्या घराला गिऱ्हाईक मिळेना. म्हणजे गिऱ्हाईकं येत होती, काका त्यांना टिकू देत नव्हते. रिअल्टर लिंडानं बजावलं होतं की लोक घर बघायला येतील तेव्हा मालकानं घरात थांबायचं नाही. काका घरात थांबत नसत. ते दारात थांबत! आणि आलेल्या माणसाला सांगत, "ॲज अ सायंटिस्ट, मला डेटा लपवता येत नाही." मग छत कुठं गळतं, गॅरेजचं दार कधी अडकतं, पावसाळी वादळात पाणी कुठवर येतं, सगळं साग्रसंगीत. एका जोडप्याला तर त्यांनी चहा पाजून शेजारच्या गल्लीतलं घर घ्यायला लावलं.

काकू माझ्यावर घसरल्या. "अरे सुहास, तू स्वतःला केमिस्ट म्हणवतोस ना? वाईट लीविंग ग्रुपला हलवायला काही औषध आहे की नाही तुमच्यात?"

मी म्हटलं, आहे. हायड्रॉक्साइड नावाचा असाच एक चिकट आहे. आपणहून तो जन्मात हलत नाही. पण त्याला ॲसिड दिलं की त्याचं रूप पालटतं आणि तो पाणी होऊन आपसूक निघून जातो.

काकूंनी मान डोलावली. पुढच्या शनिवारी आम्ही गेलो तर काका सोफ्यावर आडवे, छातीवर हात! आठवडाभर घरात चिंचेचं सार, कैरीची आमटी, लिंबाचं लोणचं, सोलकढी आणि रात्री झोपताना आवळा सरबत. काका अँटासिडच्या गोळ्या शेंगदाण्यांसारख्या खात होते.

"काकू," प्रशांत म्हणाला, "ॲसिड द्या म्हटलं होतं जी, ॲसिडिटी नाही!"

"मला काय ठाऊक," काकू म्हणाल्या. "पण पाणी काही होईनात हे."

०

आता जरा हळू सांगतो.

काकू अधूनमधून एकट्याच केतकीकडे जाऊन यायच्या. त्या वेळीही निघाल्या. मी गाडी चालवत होतो, काका सोडायला सोबत. ह्यूस्टनच्या विमानतळावर ट्रॅफिकवाला शिट्ट्या मारत होता, मी बॅग काढून दिली. काकांनी नेहमीप्रमाणे सूचना सुरू केल्या: पोचलीस की फोन कर, मोजे घाल, तिकडे गारठा असेल.

काकूंनी पर्स खांद्याला लावली, काकांकडे बघितलं आणि म्हणाल्या, "जाते."

एवढंच. वळून चालू लागल्या.

काका तिथंच. शिट्टीवाला जवळ येऊन ओरडला तरी हलेनात. मी त्यांना धरून गाडीत बसवलं. बेल्टही मीच लावून दिला. हायवेला लागल्यावर खूप वेळानं म्हणाले, "चुकून म्हणाली असेल ना रे?"

मी म्हटलं, काकू चुकून काही बोलत नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी स्वतः लिंडाला फोन केला. लोक बघायला येणार असतील तेव्हा हे लायब्ररीत जाऊन बसू लागले, आणि लायब्ररीच्या दारात उभे राहून तिथल्या लोकांना निघू देईनासे झाले. घर मात्र पहिल्याच फटक्यात गेलं! विकत घेणारी मेगन नावाची तरुण मुलगी होती, नुकतंच लग्न झालेली.

काकू सह्या करायला परत आल्या. त्या घरात शिरल्या तेव्हा काका दारातच होते. त्यांना म्हणाल्या, "आले."

०

आणि मग निघायचा दिवस उजाडला. सामान ट्रकमधून आधीच पुढं गेलेलं. मी दोघांना विमानतळावर सोडणार होतो. प्रशांत आला होता ते पैज लावून: काका दारात किती वेळ घालवतात. मेगनही किल्ल्या घ्यायला आलेली.

काका बाहेर आले. दाराकडे बघितलंसुद्धा नाही. सरळ गाडीत बसले, बेल्ट लावला! प्रशांत चाट. "बे, हे तर आयोडाइड निघाले!"

पण काकू कुठायत? प्रशांत बघायला आत गेला. आला नाही. मग मी गेलो.

रिकाम्या किचनमध्ये काकू मेगनला घर शिकवत होत्या. ओव्हनचं दार जरा उचलून लावायचं. नळ आधी डावीकडे, मग उजवीकडे, नाहीतर शॉक बसल्यासारखा ओरडतो. मागचं दार भर उन्हात फुगतं, त्याला कंबरेनं ढकलायचं. कंबरेनं कसं, तेही करून दाखवलं. मेगन बिचारी मान हलवत होती, प्रशांत तिच्या फोनमध्ये व्हिडिओ घेत होता. काकू एक गोष्ट सांगून "ओके, बाय" म्हणायच्या आणि लगेच दुसरीकडे वळायच्या.

सिंकच्या वर तीन स्विच होते. मेगननं विचारलं, तिसरा कशाचा?

काकू म्हणाल्या, कशाचाच नाही, पण बंद ठेवायचा. केतकी लहान असताना तिनं तो चालू केला होता आणि फ्रीज गेला होता.

"योगायोग होता तो," मागून आवाज आला. काका गाडीतून उतरून आले होते. "चालू ठेवायचा. मी इतकी वर्षं तो गुपचूप चालूच ठेवत आलोय. काही होत नाही."

"तरीच! तरीच मला रोज बंद करावा लागायचा!"

काकांनी स्विच चालू केला. काकूंनी बंद केला. काकांनी चालू केला. दोघं त्या भिंतीपाशी उभे, घरात एक खुर्ची नाही, पडदा नाही, आणि मराठीतून असं कडाक्याचं भांडण की सगळं रिकामं घर घुमायला लागलं. काकूंचा हात स्विचवर, काकांचा हात काकूंच्या हातावर. बंद, चालू, बंद. कुठं काही पेटत नव्हतं, विझत नव्हतं.

मेगननं घाबरून मला हळूच विचारलं, "आर दे फायटिंग?"

मी म्हणालो, "नो. दे आर लीविंग."

आता कबूल करतो. यात मुळातूनच बनवलेलं आहे ते हेच वाक्य. ते मला सुचलं विमानतळावरून एकटा परत येताना, हायवेवर. तिनं विचारलं तेव्हा मी बाहेर गेलो, गाडी सुरू केली, एसी पूर्ण वर नेला आणि मागची दोन्ही दारं उघडी धरून उन्हात उभा राहिलो.