नांगराला पोलीस

दोन खरीप आमचं वावर पडीक राहिलं. कोर्टाचा मनाई हुकूम आमच्या बाजूने होता, तरी नांगर घातला की चुलता काठी घेऊन आडवा यायचा. आई दुसऱ्यांच्या मळ्यात टोमॅटो खुडायला जायची. घरातला पहिला पदवीधर मी. वकील म्हणाले, पोलीस मदतीसाठी अर्ज करू, मजकूर लिहून टाईप करून आण. मी चार पानं लिहिली आणि जुन्नरच्या कोर्टाबाहेरच्या टायपिंगवाल्या चाचांपुढे ठेवून समोरच्या स्टुलावर बसलो.

चाचा दोनच बोटांनी टाईप करत आणि ओळ आधी मोठ्याने वाचत. ‘आमच्या जिवाला धोका असून संरक्षण मिळावे’ इथे बोटं थांबली.

“पावणं, किती शिकलाय?”

“बी. ए.”

“तरीच लई लिव्हलंय. मारहाण झालीय का?”

“नाही. नांगरू देत नाहीत.”

“मंग जिवाला कशाला मागता राव? पोलीस तुमच्या ओट्यावर चहा पीत बसंल, अन् वावर हाय तसंच. नांगराला मागा.”

शेजारचा स्टॅम्पवाला खो खो हसला. मीही हसलो. चार पानांचं अर्धं पान झालं: ‘नांगरणी व पेरणी पूर्ण होईपर्यंत पोलीस बंदोबस्त मिळावा.’ वकिलांनी एक शब्दही बदलला नाही.

पदवीचा मला अभिमान आहेच. पण नेमकं मागायला मी त्या स्टुलावर शिकलो.

कोर्टाने अर्ज मंजूर केला. दोन हवालदार बांधावर उभे राहिले, चुलता लांबूनच बडबडत राहिला, आणि आमचं सगळं सोयाबीन पेरून झालं.