गावाला गेलेले बाबा

रविवारी बुद्धवंदना झाल्यावर कॅम्प चारमधल्या आमच्या विहारात माझ्या धाकट्या बहिणीची, रूपालीची शॉर्ट फिल्म दाखवली. वीस मिनिटांची पण नाही. तेवढा सगळा वेळ मी मनातल्या मनात एकच म्हणत होते, लाइट जाऊ दे! एरवी नको तेव्हा जाते, त्या दिवशी मेली गेलीच नाही.

कारण आई. पांढरी साडी नेसून पहिल्या रांगेत माझ्या शेजारी बसली होती. "आमच्या रूपीचा पिक्चर हाय" म्हणत अख्खं महिला मंडळ घेऊन आली होती... आणि पिक्चर कशावर आहे, हे तिला कुणीच सांगितलं नव्हतं.

मी आदल्या दिवशी रूपालीला म्हटलं होतं, आधी घरी दाखव. तर म्हणे, "घरी लावला तर ती उठून चहा ठेवायला जाईल." ते मात्र खरं होतं. बाबांचा विषय निघाला की आमच्या घरी चहाच व्हायचा.

बाबा आनंदनगरच्या एका केमिकल कंपनीत होते. तिथे स्फोट झाला तेव्हा मी पाचवीत, रूपाली पहिलीत. आम्हा दोघींना मागच्या गल्लीतल्या सिंधी आंटींकडे नेऊन बसवलं. आईने जाताना सांगितलं, बाबा गावाला गेलेत, येतील.

लहान मुलांना असलं काही सांगायचं नाही, दाखवायचं नाही, ही आमच्याकडची रीतच. मला चार-आठ दिवसांत कळलं. रूपाली मात्र कितीतरी महिने वाट बघत होती... शेवटी वर्गातल्या एका मुलीने तिला सांगून टाकलं, तुझे पप्पा मेलेत.

आज ती खरवईला राहते, संसार छान चाललाय. पण नवरा कामासाठी पुण्याला गेला तरी तो परत येईपर्यंत हिच्या घशाखाली घास उतरत नाही. त्याने फोन उचलला नाही की हातपाय गार पडतात. फिल्म ह्याच्यावरच होती.

पडद्यावर छोटी मुलगी शाळेतून धावत घरी येते. "बाबा गावालाच गेलेत ना?" असं विचारते. फिल्ममधली आई तिच्याकडे पाठ करून भाकरी थापत राहते आणि नुसतं "हो" म्हणते.

मागून मंडळातली एक काकू पुटपुटली, "अगं, ही तर तुमचीच गोष्ट!" आईला बीपी, त्यात पोटच्या पोरीने चारचौघांत तिला खोटारडी ठरवलेलं... मी तिचा हात धरला, तर तिने तो सोडवून घेतला.

फिल्म संपली. टाळ्यासुद्धा घाबरत घाबरत वाजल्या. रूपाली माईक घेऊन म्हणाली, कुणाला काही विचारायचं असेल तर विचारा... आणि आई उठली.

मी तिचा पदर ओढला, बस ना गं. ती कसली ऐकते!

"विचारायचं नाय, सांगायचंय," ती म्हणाली. माईक नव्हता, पण हॉलमध्ये सगळ्यांना ऐकू गेलं. "मी तुला खोटं नव्हतं सांगितलं, रूपे. मला तुझ्या काकांनी सांगितलं, आयसीयूत हायेत, बायकांना आत सोडत नाय. मी म्हटलं, पोरी घाबरतील, बरे होऊन आले की सांगू. म्हणून गावाला म्हटलं... येतील म्हटलं तेव्हा मला खरंच वाटत होतं, येतील. तुझे बाबा तर सकाळीच गेले होते. मला कळलं ते एकदम त्यांना घरी आणल्यावर."

इतक्या वर्षांत हे मी पहिल्यांदा ऐकत होते. आईला सगळं माहीत होतं आणि तिने आम्हाला फसवलं, असंच आम्ही धरून चाललो होतो. तिलाही आमच्यासारखंच अंधारात ठेवलं होतं, हे आमच्या डोक्यात कधी आलंच नाही.

रूपालीने माईकवरूनच विचारलं, "मग नंतर? नंतर का नाही सांगितलंस?"

मला वाटलं, आता आई चक्कर येऊन पडते... मी खुर्ची पुढे ओढली.

"तू रोज विचारायचीस, बाबा कधी येणार," ती म्हणाली. "बाकी घरात कुणी त्यांचं नाव काढत नव्हतं. तू विचारलंस की मला बरं वाटायचं गं. सांगितलं असतं, तर तू पण विचारायची बंद झाली असतीस."

रूपाली माईक तिथेच टाकून धावत आली आणि आईच्या गळ्यात पडली. मग मीही. बाबांसाठी आम्ही तिघी एकत्र कधी रडलोच नव्हतो... तशा त्या दिवशी भर हॉलमध्ये रडलो, कुणाचीही लाज वाटली नाही.

विहारातल्या सगळ्यांचे मनापासून आभार, पुढचा कार्यक्रम थांबवून तुम्ही आम्हाला तो वेळ दिलात. बाबांना जाऊन पंचवीसेक वर्षं झाली. आमच्या घरातून मात्र ते ह्या रविवारी गेले.