माझं ‘कमीत कमी’ आणि पोरीचं गणित

अमेरिकेतल्या कॅरी गावात आमच्या शेजारी राहणाऱ्या काकांइतका गणितातल्या बरोबरच्या (=) चिन्हाचा हाडवैरी अटलांटिकच्या दोन्ही काठांवर शोधून सापडायचा नाही. “जगात काहीही कशाबरोबर नसतं रे,” ते म्हणत, “एक तर कमी असतं, नाहीतर जास्त!” त्यामुळे श्वास घ्यायचा तरी ते आधी कमी-जास्तीचं असमीकरण मांडत. इंडियाला निघाले की बॅग वजनकाट्यावर, आणि क्ष अधिक भाच्यांची चॉकलेटं पन्नास पौंडांपेक्षा जास्त नकोत! एकदा ते काही केल्या सुटेना, तेव्हा भर मे महिन्यात तीन स्वेटर अंगावर चढवून गृहस्थ विमानात बसले. “डावीकडचं उजवीकडे नेलं,” एवढंच म्हणाले. काकूंच्या ‘नाही’ने गुणलं की चिन्ह उलटतं, हा त्यांचा स्वतःचा सिद्धांत.

अशा माणसाच्या शेजारी राहून आमची आठवीतली कन्या नेमकी इनइक्वॅलिटीच्या, म्हणजे असमीकरणांच्याच, वर्ड प्रॉब्लेम्समध्ये सपशेल आपटली. फेरपरीक्षेत ऐंशी मिळाले नाहीत तर अल्जेब्राच्या वर्गातून गणिताच्या खालच्या वर्गात, मैत्रिणी सोडून. घरात सुतक. मी पेपर घेऊन काकांकडे धावलो. त्यांनी पाहिलं: बसमध्ये ‘ॲट लीस्ट’ बारा मुलं हवीत, तिथे हिने बारापेक्षा कमीचं चिन्ह काढलेलं. ‘ॲट मोस्ट’ दिसलं की जास्तीचं. पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळं उलटं!

“हिला ॲट लीस्टचा अर्थ कुणी सांगितला?”

“मीच, काका. कमीत कमी.”

“मग ‘कमी’ ऐकून पोर कमीचंच चिन्ह काढणार ना! अरे, तिला गणित येतंय. तुझं मराठी नडलं!”

मग तीन मंगळवार काकूंच्या स्वयंपाकघरात शिकवणी. काकू थालीपीठ वाढत म्हणाल्या, “दोन तरी खा गं.”

“थांब!” काका गरजले. “दोन तरी! म्हणजे दोन किंवा दोनाहून जास्त. हे तुझं ॲट लीस्ट. आणि मला डॉक्टर सांगतो, दोनाच्या वर नाही. ते ॲट मोस्ट.”

“काकू तुम्हालाही दोन तरी म्हणाल्या, तर?” पोरीने विचारलं. “ देन इट्स एक्झॅक्टली टू!”

काका हरले. नाइलाजाने त्यांनी बरोबरचं चिन्ह काढलं.

“मग मघाशी तिसरं कुणी खाल्लं?” काकूंनी विचारलं.

फेरपरीक्षेत शहाण्णव! स्कूलबसमधून उतरून पोरगी आमच्या दारावरून तडक काकांकडे पळाली. काकांनी गाडी काढली आणि हॉर्न वाजवत गल्लीला सात प्रदक्षिणा घातल्या. लग्न आहे की आग लागली, हे बघायला गोरे शेजारी अंगणात आले. काकांनी खिडकीतून पेपर फडकावला. कुणाला काही कळलं नाही, पण टाळ्या सगळ्यांनी वाजवल्या.

पुढच्या मंगळवारी काका आमच्या दाराशी आले. “सहज आलो. पोरीचं काही अडलंय का?”

“छे! सगळं तिचं तिला जमतंय,” मी छाती फुगवून म्हणालो.

“वा, वा! असंच पाहिजे,” काका म्हणाले, आणि दहा पावलांवरच्या आपल्या घरी फार सावकाश चालत गेले.