माझ्या शेजारणीचं नाक

कुकरचं झाकण उघडण्याआधी ती त्यावर बोटाने टकटक करायची आणि विचारायची, "येऊ का?" आत केक असायचा, दुसरं कोण! मग नाक पुढे करून हुंगायची. "अजून ओला आहे वो वहिनी, बसा." असं म्हणाली की बसावंच लागायचं. घड्याळ होतं तिच्याकडे, पण ते भिंतीवर शोभेला.

गोंदियात आमच्या दोन घरांत एकच भिंत, आणि मागे राइस मिल. मिलमध्ये धान उकडायला लागलं की पाहुणे नाकाला रुमाल लावतात. हिला मात्र त्या वासातूनही माझी करपलेली पोळी कळायची आणि भिंतीपलीकडून आवाज यायचा, "लक्ष कुठं आहे?"

ओव्हन तिने कधी घेतला नाही. जुन्या कुकरात तळाला मीठ, त्यावर जाळी, जाळीवर केकचं भांडं. मार्बल केक तिच्या हातचाच खावा. पांढरं आणि कोकोचं पीठ आळीपाळीने ओतायचं आणि त्यातून स्वेटरची सुई एकदाच फिरवायची. मी पुन्हा फिरवायला गेले की हातावर चापट. "काऊन घोटून राहिल्या? वरण आहे का ते?"

मागच्या हिवाळ्यात तिला ताप आला. ताप गेला, पण जाताना वास घेऊन गेला. फोडणी कळेना, हिंग कळेना. डॉक्टर म्हणाले, येईल परत, कधी ते सांगता येत नाही. एक केक करपला, दुसरा कच्चा निघाला. मी म्हटलं, मोबाइलवर गजर लाव.

"गजराले काय कळते वो? पीठ रोज वेगळं, गॅस रोज वेगळा."

मग तिने मलाच आपलं नाक केलं. कुकरजवळ स्टुलावर बसवायची आणि विचारत राहायची, "आला का वास? कसा आला? नीट सांगा ना!" आता तुम्हीच सांगा, वास कसा सांगायचा? मी म्हणायची, "केकसारखा." ती कपाळाला हात लावायची.

माझ्या नातीचा वाढदिवस आला. पोरीला बटरस्कॉच हवं, वर क्रीम हवं, क्रीमवर रंगीत गोळ्याही हव्यात. शेजारीण तयार झाली, पण सकाळीच म्हणाली, "हा शेवटचा, वहिनी. मग भांडे देऊन टाकीन कोणाले. दुसऱ्याच्या नाकानं किती दिवस रांधू?" मस्करी नव्हती ती.

केक माझ्या नाकाने झाला, बरा झाला. मग बटरस्कॉचसाठी तिने कढईत साखर वितळायला ठेवली. मी अंगणात पाट्यावर गोळ्या फोडत बसले, ती शेगडीकडे पाठ करून क्रीम फेटत होती.

एकदम ओरडली, "जळून राहिली! वहिनी, साखर जळून राहिली वो!"

धावत गेले. कढईतून काळा धूर, आणि ही बाई डोळे मिटून, नाक वर करून उभी, गालांवर पाणी. मी गॅसकडे हात नेला तर म्हणते, "थांबा ना जरासं, येऊ द्या!"

"अगं कढई जाईल माझे आई!"

"जाऊ द्या!"

किती हसलो आम्ही! माझ्या डोक्यावरचा भार उतरला. दुसरी साखर तिने स्वतःच्या नाकाने उतरवली, लोणी-काजू घातले, केकला क्रीम फासलं, वर बटरस्कॉच आणि गोळ्यांचा चुरा. संध्याकाळी नात सुरी घेऊन उभी, तर ही तिच्या डोक्याशी वाकली, केस हुंगले आणि मोठ्याने म्हणाली, "शिकेकाई!" सगळे बघतच राहिले.

होळीआधी ती लेकीकडे देवरीला राहायला गेली, कुकर घेऊन. भिंतीपलीकडून आता कोणी टोकत नाही. परवा तिचा फोन आला.

"काय सांगू वहिनी, इथं चारी बाजूनं मोह गळून राहिला. त्या फुलायचा वास घरात भरते, डोकं उठते वो!"

म्हटलं, "मग खिडकी लावून घे."

"कायले?" ती म्हणाली.