भिंतीवरचा कोरियन नट

सिंगापुरातल्या चोआ चू कांगच्या आमच्या फ्लॅटमध्ये मी एका जुन्या कोरियन नटाचा कृष्णधवल फोटो फ्रेम करून लावला. पन्नास-साठच्या दशकात हा गृहस्थ सज्जन नवऱ्याची कामं करायचा आणि बहुतेक प्रत्येक पिक्चरमध्ये खोकून खोकून मरायचा. मला तो भयंकर आवडतो. बायको इथलीच, चिनी वंशाची; तिच्या मते मला दुसरा उद्योग नाही.

आमच्याकडे भिंतीवर असा फोटो म्हणजे घरातलं गेलेलं माणूस, हे मी विसरलो होतो. पुण्याहून आई आली. दुसऱ्या दिवशी ऑफिसातून परततो तर फोटोला झेंडूचा हार, खाली उदबत्ती आणि आई हात जोडून उभी.

"सूनबाईचे आजोबा ना? कपाळ अगदी तिचंच."

मी भडकलो. "अगं, तो कोरियन नट आहे! आणि जिवंत आहे, नव्वदी ओलांडलीय त्याने!"

आईने जीभ चावली आणि झटकन हार काढला. मग मी तिला त्याची सगळी कारकीर्द ऐकवली, एकेका मरणासकट.

"तरीच," ती म्हणाली. "माणूस मेल्याची खोटी बातमी उठली की त्याचं आयुष्य वाढतं."

आणि तिने हार परत घातला. "होऊ देत शंभर पूर्ण."