सहाव्या हिश्श्याने संथ

माझी आत्या शिलाई मशीन दुरुस्त करते. कपड्यांच्या कारखान्यातली चाळीस मशीन तिच्या हाताखाली आहेत. सुई अडली, पट्टा सुटला की "आत्याला बोलवा" अशी हाक उठते. मॅनेजरसुद्धा तिला आत्याच म्हणतो. तिने लग्न केलं नाही. कुणी कारण विचारलं की सांगते, "सवड झाली नाही. मारामारी चालू होती."

मारामारी म्हणजे टीव्हीवरची. तरुणपणी तिने आणि माझ्या बाबांनी मिळून गेम खेळायचं यंत्र आणलं होतं. सोबत एकच कॅसेट, आठ लढवय्यांची. बाबांना वर्षभरात कंटाळा आला. आत्या मात्र तीस वर्षं तीच खेळतेय, आणि तीही एकाच लढवय्यीला घेऊन: पिकल्या केसांची, हातात काठी असलेली बाई. कामावरून आली की चहा, मग अर्धा तास काठीवाली.

तीन वर्षांपूर्वी कारखान्याच्या फलकावर एक कागद लागला. याच गेमची स्पर्धा होती, रविवारी सकाळी, फर्निचरच्या दुकानावरच्या हॉलमध्ये. आत्याने इस्त्रीचे कपडे घातले आणि मला बरोबर घेतलं.

पहिली लढत सुरू झाली आणि ती चपापली. घरी चित्राच्या वर-खाली काळ्या पट्ट्या असायच्या, इथे पडदा भरून चित्र. घरची माणसं बुटकी, ही उंच. संगीत तर पाठीमागे कुत्रं लागल्यासारखं पळत होतं. आणि तिच्या बाईच्या हातात काठी नव्हती, लांब दांड्याचा विळा होता! आत्या बटण दाबेपर्यंत समोरचा दोन ठोसे मारून मोकळा व्हायचा. चष्मा लावलेल्या एका तरुणाने तिला मिनिटभरात दोनदा लोळवलं.

स्पर्धेचा संयोजक भला माणूस होता. तो शेजारी येऊन बसला. "काकू, मूळ गेम ही. आपल्याकडे आली ती बाहेरच्या देशांसाठी बदललेली. इथले टीव्ही वेगळे, म्हणून सगळं सहाव्या हिश्श्याने संथ चालायचं. विळा पोरांना दाखवू नये म्हणून काठी दिली. रक्त पुसून घाम केला. तुम्ही इतकी वर्षं कापलेली गेम खेळत होतात."

मागे कुणीतरी फिसकन हसलं.

"बरं," आत्या म्हणाली. "मग या चष्मेवाल्याला माझ्या कॅसेटवर बसव."

"ती इथे धरत नाहीत, काकू. ती खरी नाही."

"माझे अंगठे तरी खरे आहेत ना?"

 घरी परतल्यावर ती जिन्यातच थांबली. "काठी विळ्यापेक्षा दोन बोटं आखूड आहे, बघितलंस? म्हणजे मी तीस वर्षं समोरच्याच्या जास्त जवळ जाऊन लढतेय. आपल्याला काय झेपेल ते कुणीतरी परस्पर ठरवलं, आणि आता वर म्हणतात तुमचं खोटं!"

पुढच्या रविवारी तिने टीव्ही पुढच्या खोलीत आणला आणि दारावर पुठ्ठ्याची पाटी लावली: 'संथ कॅसेट. चार ते सहा. हरायची तयारी असेल तरच यावे.'

तीन रविवार माझ्याशिवाय कुणी फिरकलं नाही, आणि मी हरत राहिले. शेजारीण म्हणाली, "या वयात हे काय?" आत्या म्हणाली, "गुडघ्यांनी नाही खेळत, अंगठ्यांनी खेळते."

चौथ्या रविवारी एक नर्स पाटी वाचून आत आली. ड्यूटीवरून थेट, गणवेशातच. पडदा बघून ओरडलीच, "अय्या, माझी बुटकी माणसं!" तिच्याकडेही लहानपणी हीच कॅसेट होती, आणि तिलाही कुणीतरी ती नकली असल्याचं ऐकवलं होतं. ती पाच वेळा हरली, दोनदा जिंकली. पुढच्या खेपेला बसचालक दिराला घेऊन आली. दोन महिन्यांत चपला दारापासून जिन्यापर्यंत पोचल्या. भिंतीवर तक्ता लागला: कोण जिंकलं, कोण हरलं.

मग एके दिवशी संयोजक चष्मेवाल्याला घेऊन आला. चष्मेवाला ओळीने सात लढती हरला. लाथ पुरी व्हायच्या आतच त्याचा अंगठा पुढचं बटण दाबायचा आणि ते वाया जायचं.

"फारच हळू आहे हो हे," तो कुरकुरला.

"थांबता येत नाही तुला. घाई केली की सुई मोडते."

आठवी लढतही हरल्यावर तो म्हणाला, "हा खेळच वेगळा आहे."

"वेगळा म्हण. शंभरदा म्हण. खोटा म्हणायचं नाही."

जाताना संयोजकाने एक गोष्ट सुचवली. हॉलच्या कोपऱ्यात आत्यासाठी टेबल मांडू, 'आठवणींचा कोपरा' म्हणू. गुण वगैरे नाहीत, लोक येतील, फोटो काढतील.

आत्याचा पारा चढला. "आठवणी काढायला मी मेलेय का? जिंकलं-हरलं लिहिणार असाल तर येते. शोभेला बसणार नाही."

"समिती ऐकायची नाही, काकू."

"मग नका ऐकू."

समितीने खरंच ऐकलं नाही. संथ कॅसेट आजही त्यांच्या स्पर्धेत धरत नाहीत, आणि आत्याच्या घरातला तक्ता आता तिसऱ्या पुठ्ठ्यावर गेलाय.

तरी दर वर्षी ती हॉलमध्ये जाते आणि विळेवालीला घेऊन त्यांच्या वेगाने खेळते. "कशाला स्वतःचं हसं करून घेतेस?" असं मी एकदा विचारलं. ती म्हणाली, "त्यांनी माझ्या दारात यावं असं म्हणायचं, तर त्यांच्या दारात जायला मी का भ्यावं?"

दोन वर्षं पहिल्याच लढतीत बाद झाली. यंदा पुन्हा चष्मेवालाच समोर आला. पहिला डाव आत्याने जिंकला. हॉलमध्ये कुणी हसलं नाही. पुढचे दोन तिने गमावले. बोटं मोडत उठली आणि त्याला म्हणाली, "रविवारी चारला. उशीर केलास तर जिन्यात बसावं लागेल."