मिठातला पाय

त्या रविवारी दुपारी मी हौसेने टीव्ही लावला. परदेशातल्या एका परीकथेवरचा बॅले टीव्हीसाठी नव्याने चित्रित केला होता. बॅले म्हणजे काय, हे मला कॉलेजात गेल्यावर कळलं. आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. आई चाळीस वर्षं मिठागरात राबली म्हणून मी शिकले, हे मी विसरलेली नाही.

गोष्ट शापाने दगड झालेल्या राजकन्येची होती. कॅमेरा सारखा नाचणाऱ्या मुलींच्या पायांजवळ जात होता.

"बाय, या पोरी बोटांवर का चालतान?" आईने विचारलं.

"नाच आहे तो. लहानपणापासून सवय असते त्यांना."

"मंग माझ्यावानीच." ती हसली. "त्यांना म्हनावं, या आमच्या मिठागरान, वाफं तुडवाला."

मिठाच्या वाफ्याचा तळ अनवाणी पायांनी तुडवून घट्ट करतात. वर्षानुवर्षं ते करून पाय इतके निबर होतात की काटा रुतला तरी कळत नाही. आमच्याकडे हे अभिमानाने सांगतात. शाळेतल्या भाषणात मीही सांगितलं होतं.

आईने गंमत म्हणून पाय लांब केला, त्या मुलींसारखी बोटं ताणली. करंगळी काळी पडली होती. खालून पू येत होता.

"आई, हे कधीपासून?"

तिने वाकून पाहिलं. "मना तं कललंच न्हाय."

तिला चार वर्षांपासून मधुमेह आहे. दवाखान्यातून मिळालेला कागद मीच वाचून दाखवला होता. रोज पाय तपासा, बधिरपणा वाटला तर कळवा, असं त्यावर होतं. "मिठातल्या पायाला काय व्हतंय?" ती म्हणाली होती. आणि विज्ञानाची पदवी घेतलेली मी हसून पुढची ओळ वाचली होती.

अलिबागला डॉक्टरांनी विचारलं, "पायाला स्पर्श कळत नाही, असं कधीपासून आहे?"

"लगीन झाल्यापासून," आईने ताठ मानेने सांगितलं.

डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मी खाली पाहिलं.

घोट्याच्या वरून पाय कापावा लागला.

आता रोज सकाळी मी तिचा उरलेला पाय मांडीवर घेते आणि बोटांच्या बेचक्या बघते. मग तिला डोळे मिटायला सांगून बोटांना कापूस लावते.

"कललं," ती म्हणते.

काल मी कापूस लावलाच नव्हता. तरी ती म्हणाली, "कललं."